घरगुती छायाचित्रांची राखण

धंद्यांचा इतिहास लिहिण्याची आपल्याकडे फारशी चाल नाहीं. राजे, लढाया, संत व सुधारक यांच्या चरित्रांनीं आपलीं कपाटें भरलेलीं आहेत. परंतु घरांतल्या नित्याच्या वस्तु कोणीं निर्माण केल्या, कशा विकल्या आणि त्यांच्या येण्याजाण्यानें आपल्या राहणींत काय फरक पडला, याचा विचार आपण क्वचितच करतों. छायाचित्र ही अशीच एक वस्तु आहे. सोलापुरासारख्या गिरण्यांच्या गांवांत मराठी, कानडी, तेलुगु व उर्दू बोलणारीं कुटुंबें पिढ्यान्‌पिढ्या शेजारीं राहिलीं. त्यांचीं दैवतें, सण व जेवणाच्या पद्धति निरनिराळ्या. तरी बाहेरच्या खोलींत चौकटींत बसविलेलें वडील माणसांचें चित्र आणि पेटींत जपून ठेवलेला लग्नाचा आल्बम, या दोन वस्तु बहुतेक घरीं सांपडावयाच्याच. अशीं चित्रें सामान्य माणसाच्या आटोक्यांत आणणाऱ्या व्यवहाराचा फार मोठा भाग एका अमेरिकन कंपनीनें घडविला. तिचें नांव कोडॅक.

१९ जानेवारी २०१२ रोजीं या कंपनीनें न्यूयॉर्कच्या न्यायालयांत दिवाळखोरीच्या कायद्याचें संरक्षण मागितलें. पुढच्याच महिन्यांत तिनें घरगुती डिजिटल कॅमेऱ्यांचा धंदा सोडत असल्याचें जाहीर केलें, आणि जुलैंत ग्राहकांचीं चित्रें सांभाळणारें आपलें संगणकीय कोठारहि बंद केलें. या पडझडीचें कारण लौकिकांत फार सोपें करून सांगतात. कंपनी गाफील राहिली, डिजिटल युग आलें, आणि गोष्टींतल्या सशाप्रमाणें ती झोपेंतच हरली, असें म्हटलें म्हणजे सर्व उलगडा झाला असें वाटतें. आमच्या मतें हा निवाडा अपुरा आहे. डिजिटल कॅमेरा प्रथम तयार झाला तो याच कंपनीच्या घरांत, आणि घरगुती चित्रांसाठीं नव्या सोयी उभारण्यांतहि ती पुष्कळांच्या पुढें होती. मग ती बुडाली कां? आणि तिच्या बुडण्याशीं सोलापुरांतल्या एखाद्या घराचा संबंध काय? या दोन प्रश्नांचीं उत्तरें एकाच ठिकाणीं सांपडतात, असें दाखविण्याचा या लेखाचा हेतु आहे.

आरंभ थोडा मागें जाऊन करावा लागेल. १८३९ सालीं फ्रान्सांत दागेर याची कृति प्रसिद्ध झाली आणि एकदोन वर्षांतच ती विद्या हिंदुस्थानांत येऊन पोंचली. १८५४ सालीं मुंबईंत फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली. डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधु डॉ. नारायण दाजी हे त्या मंडळींतले एक. एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनमध्यें या विद्येचा वर्ग निघाला, आणि तेथें शिकलेले हरिश्चंद्र चिंतामण हे पुढें मुंबईंत धंदेवाईक छायाचित्रकार म्हणून नांवाजले. म्हणजे आपल्या लोकांनीं ही कला उशिरां उचलली, असें म्हणण्यास जागा नाहीं.

परंतु त्या काळची रीत फार कष्टाची होती. कांचेवर कोलोडियनचा चिकट थर द्यावयाचा, ती रुप्याच्या क्षाराच्या द्रावणांत बुडवावयाची, ओली असतांनाच कॅमेऱ्यांत घालून चित्र घ्यावयाचें, आणि वाळण्यापूर्वीं अंधाऱ्या तंबूंत नेऊन तें रसायनांनीं प्रकट करावयाचें. उन्हाळ्यांत आपल्याकडील हवेंत कांच वाळावयास कितीसा वेळ लागणार! म्हणून छायाचित्रकार हा वैद्यासारखा विद्यावंत व खर्चिक मनुष्य असे. १८६० सालीं आगगाडी सोलापुरापर्यंत आली. १८७७ मध्यें तेथें पहिली कापड गिरणी सुरू झाली. गांव वाढलें, पगार रोख मिळूं लागले. तरीहि स्वतःचें चित्र काढवून घेणें ही जहागीरदार, सावकार व वकील यांचीच मिरास होती. गिरणींत साचे चालविणाऱ्या माणसाचा चेहरा कागदावर उतरण्यास आणखी अवकाश होता.

मुंबईची सोसायटी निघाली त्याच वर्षीं, म्हणजे १८५४ सालीं, अमेरिकेंत जॉर्ज ईस्टमन याचा जन्म झाला. हा रॉचेस्टर शहरांतील एका बँकेंतला कारकून. सहलीसाठीं कॅमेरा घ्यावा असें त्याच्या मनांत आलें, आणि त्यासोबत न्यावयाचा कांचा-बाटल्यांचा पसारा पाहून हें सर्व सोपें कसें होईल याचा त्याला ध्यास लागला. १८८० च्या सुमारास त्यानें कोरड्या कांचा करून विकण्यास प्रारंभ केला, पुढें कांचेच्या जागीं गुंडाळतां येणारी पट्टी आणली, आणि १८८८ मध्यें ‘कोडॅक’ या नांवाचा कॅमेरा बाजारांत ठेवला. या नांवास कोणत्याहि भाषेंत अर्थ नाहीं. उच्चारावयास सोपें आणि चुकीचें लिहिण्यास कठीण, म्हणून त्यानें तें जुळविलें.

त्या कॅमेऱ्याची किंमत २५ डॉलर होती व आंत १०० चित्रांपुरती पट्टी भरलेली असे. पट्टी संपली म्हणजे सबंध कॅमेराच रॉचेस्टरला पाठवावयाचा; दहा डॉलर घेऊन कारखाना चित्रें छापून देई, नवी पट्टी भरी आणि कॅमेरा परत पाठवी. गिऱ्हाइकानें फक्त कळ दाबावी, उरलेलें सर्व आम्ही करूं, असें कंपनीचें आश्वासन होतें. ही नुसती जाहिरातीची चतुराई नव्हती. एक मोठी श्रमविभागणी या वाक्यांत सांठवलेली आहे. चित्र घेणें आणि चित्र करणें हीं दोन कामें येथें प्रथमच निराळीं झालीं. पहिलें काम गृहस्थाच्या हातीं आलें, दुसरें कारखान्याकडे गेलें. १९०० सालीं ‘ब्राउनी’ हा एक डॉलरचा कॅमेरा निघाला, तेव्हां पहिलें काम मुलांच्याहि हातीं आलें. कॅमेऱ्यावर नफा थोडा झाला तरी चालेल, कारण प्रत्येक चित्रामागें पट्टी, रसायन व कागद यांवर पैसा पुनः पुनः मिळणार, हें ईस्टमनचें गणित. तें पुढें शंभर वर्षें बरोबर आलें.

आपल्या प्रांतांत हें गणित जरा निराळ्या वाटेनें आलें. कोडॅकची शाखा मुंबईस होती आणि तिचा पिंवळा डबा छायाचित्रकारांच्या परिचयाचा होता. दादासाहेब फाळके यांनीं बडोद्याच्या कलाभवनांत ही विद्या शिकून गोध्र्यास स्टुडिओ काढला, आणि त्याच विद्येच्या बळावर १९१३ सालीं ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट लोकांपुढें ठेवला. परंतु स्वतःच्या घरीं कॅमेरा बाळगणारीं कुटुंबें थोडीं. बहुतेकांची गांठ पडे ती गांवांतल्या स्टुडिओशीं किंवा जत्रेंतल्या तंबूशीं. तेथें रंगविलेला पडदा, त्यावर कमान, कारंजें किंवा मोटार. पुढें एक उंच स्टूल व कागदी फुलांची कुंडी. लग्न झालें म्हणजे, मूल झालें म्हणजे, नोकरीसाठीं परगांवीं निघावयाचें झालें म्हणजे तेथें जावयाचें, श्वास रोखून बसावयाचें आणि आठ दिवसांनीं चित्र आणावयाचें.

स्वातंत्र्यानंतर परदेशी मालावर निर्बंध आले, तेव्हां देशी सोय निघाली. उटकमंड येथें सरकारनें १९६० सालीं हिंदुस्थान फोटो फिल्म्स हा कारखाना स्थापन केला. १९६७ पासून त्याची ‘इंदु’ छापाची फिल्म येऊं लागली. ‘आग्फा क्लिक थ्री’ हा साधा कॅमेरा मध्यम स्थितीच्या घरांत शिरला. त्यांत एका गुंडाळींत बारा चित्रें निघत. बाराच असल्यामुळें प्रत्येक चित्रापूर्वीं विचार होई. कोणाला उभें करावयाचें, कोणाला बसवावयाचें, यावर घरांत चर्चा होई. आणि छापून आलेल्या चित्राच्या पाठीमागें दिवस, ठिकाण व नांवें शाईनें लिहिलीं जात. या महागाईनें एक शिस्त लावली होती. ती कोणी मुद्दाम शिकविली नाहीं. पैशाच्या टंचाईनें आपोआप शिकविली.

या शिस्तीचें मोल काय, हें सोलापूरकरांस एका उदाहरणावरून चटकन पटेल. डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचा जन्म सोलापुरास १९१० सालीं झाला. १९३८ मध्यें पांच हिंदी डॉक्टरांच्या पथकांतून ते चीनला गेले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजीं, वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षीं, तेथेंच वारले. ते परत आले नाहींत. ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ हा व्ही. शांताराम यांचा बोलपट १९४६ सालीं निघाला. पण त्यांत दिसतो तो नटाचा चेहरा. खरा चेहरा आज आपणांस ठाऊक आहे, तो कोणीतरी जपलेल्या कृष्णधवल छायाचित्रांमुळें. सोलापुरांत त्यांच्या घराचें स्मारक झालें आहे. तेथें जाणारा मनुष्य त्या चित्रांपुढेंच थबकतो, कारण तेथें त्याची आणि त्या तरुण डॉक्टराची दृष्टभेट होते. चित्र घेतलें गेलें ही पहिली गोष्ट. तें जपलें गेलें ही दुसरी. आणि इतिहासाच्या दृष्टीनें दुसरी पहिलीहून मोठी.

आतां डिजिटल चित्राकडे वळूं. हें चित्र म्हणजे काय, तें समजावयास सोलापूरच्या माणसाला दूर जावें लागत नाहीं. चादर किंवा भिंतीवर टांगावयाचें चित्र जेकार्डवर विणावयाचें असलें म्हणजे कारागीर प्रथम नक्षी चौकटीच्या कागदावर उतरवितो. एकेक चौकट म्हणजे उभ्याआडव्या धाग्यांच्या भेटीचें एकेक ठिकाण. मग त्या नक्षीबरहुकूम पुठ्ठ्यांस भोंकें पाडतात. भोंक असेल तेथें उभा धागा उचलला जातो, नसेल तेथें खालीं राहतो. आणि अशा हजारों ‘आहे-नाहीं’च्या जोरावर चादरीवर मोर नाचूं लागतो. फ्रान्सांतील जेकार्ड यानें १८०४ च्या सुमारास काढलेली ही युक्ति. डिजिटल कॅमेरा हेंच काम प्रकाशावर करतो. भिंगामागें धाग्याच्या ऐवजीं बारीक चौकटींची एक जाळी असते. प्रत्येक चौकटीवर किती प्रकाश पडला हें मोजून त्याचा आंकडा लिहिला जातो. चित्र म्हणजे त्या आंकड्यांची यादी. तिला रसायन नको, कागद नको. आणि यादीची नक्कल हजार वेळां केली तरी मूळ यादी झिजत नाहीं.

असा कॅमेरा १९७५ च्या डिसेंबरांत कोडॅकच्या प्रयोगशाळेंत स्टीव्हन सॅसन या पंचवीस वर्षांच्या इंजिनियरानें जुळविला. त्याचें वजन साडेतीन किलोंहून थोडें अधिक होतें; जाळींत शंभर गुणिलें शंभर, म्हणजे दहा हजार चौकटी होत्या; एक चित्र ध्वनिफितीवर उतरावयास २३ सेकंद लागत, आणि तें पाहावयाचें दूरचित्रवाणीच्या पडद्यावर. एका फितीवर किती चित्रें ठेवावीं, याचा विचार करतांना त्यानें ३० हा आंकडा निवडला. कारण फिल्मच्या गुंडाळींत २४ किंवा ३६ चित्रें असत, आणि लोकांची सवय त्या दोहोंच्या मध्यें कोठेंतरी होती. यंत्र अगदीं नवें, पण त्याची मोजणी जुन्या घरांतलीच!

वरिष्ठांना त्यानें तो कॅमेरा दाखविला तेव्हां त्यांनीं विचारलेले प्रश्न त्यानेंच पुढें सांगितले आहेत. आपलीं चित्रें पडद्यावर पाहावयाची इच्छा कोणाला होणार? तीं ठेवावयाचीं कोठें? अशा चित्रांचा आल्बम कसा असेल? या प्रश्नांना मागाहून पुष्कळजण हंसले. आम्हांस मात्र ते हंसण्यासारखे वाटत नाहींत. पहिल्या प्रश्नाचें उत्तर काळानें दिलें. उरलेल्या दोहोंचें समाधानकारक उत्तर अद्याप कोणाजवळहि नाहीं. त्याच कंपनींतील ब्राइस बायर यानें जाळीच्या चौकटींवर तांबडे, हिरवे व निळे गाळण विशिष्ट क्रमानें बसवून रंग ओळखण्याची जी रचना शोधली, तिचें पेटंट १९७६ सालचें आहे, आणि बहुसंख्य डिजिटल कॅमेरे आजहि तिच्यावरच चालतात. तेव्हां या कंपनीस नवी विद्या कळली नाहीं, असें म्हणणें अन्यायाचें होईल.

अडचण विद्येची नव्हतीच. ती उत्पन्नाची होती. १९७६ च्या सुमारास अमेरिकेंत खपणाऱ्या फिल्मपैकीं सुमारें ९० टक्के फिल्म कोडॅकची असे. १९८८ सालीं जगभर मिळून सुमारें १,४५,००० माणसें तिच्या नोकरींत होतीं. हा सर्व डोलारा प्रत्येक चित्रामागें मिळणाऱ्या पैशावर उभा होता. डिजिटल चित्राला तसा पैसाच पडत नाहीं. १९८१ मध्यें सोनीनें फिल्मशिवाय चालणारा ‘मॅव्हिका’ कॅमेरा जाहीर केला, तेव्हां कोडॅकनें या धोक्याचा मुद्दाम अभ्यास करविला. फिल्मचें राज्य आणखी सुमारें दहा वर्षें टिकेल, असा त्याचा निष्कर्ष होता. अंदाज बराच बरोबर ठरला. मिळालेल्या अवकाशाचा उपयोग कंपनीनें मुख्यतः फिल्मचें आयुष्य वाढविण्याकडे केला, हा तिचा खरा दोष.

१९९२ सालीं तिनें ‘फोटो सीडी’ बाजारांत आणली. चित्र फिल्मवरच घ्यावयाचें, मग दुकानांतून तें तबकडीवर उतरवून घ्यावयाचें. एका तबकडींत शंभर चित्रें. म्हणजे फिल्महि विकली जावी व पडद्याचीहि हौस फिटावी, अशी ही दुहेरी योजना. १९९४ सालीं ॲपल कंपनीच्या नांवानें निघालेला ‘क्विकटेक’ कॅमेरा कोडॅकनेंच बनविला होता. २००१ मध्यें ‘ईझीशेअर’ कॅमेरे निघाले. कॅमेरा एका बैठकीवर ठेवावयाचा, बैठकीवरची कळ दाबावयाची, कीं चित्रें आपोआप संगणकांत जात. ईस्टमनचें १८८८ सालचें आश्वासनच येथें नव्या कपड्यांत आलें होतें. दोन वर्षांनीं त्याच बैठकींत छपाईचें यंत्र बसविलें गेलें. त्याला लागणारा कागद व रंगाची फीत कंपनीच विके. २००१ मध्येंच तिनें ‘ओफोटो’ ही संस्था विकत घेतली. ग्राहकानें आपलीं चित्रें तिच्या कोठारांत पाठवावीं, आप्तांना दाखवावीं आणि हवीं तीं छापून मागवावीं, असा तिचा व्यवहार. पुढें तिलाच ‘कोडॅक गॅलरी’ हें नांव पडलें. २००५ सालीं अमेरिकेंतील डिजिटल कॅमेऱ्यांच्या विक्रींत कोडॅकचा क्रमांक पहिला होता. झोंपलेल्या सशाचें हें वर्तन नव्हे.

पण या सर्व सोयींच्या मुळाशीं एकच आशा होती: लोक आज ना उद्यां चित्रें छापतीलच. लोकांनीं तीं छापलीं नाहींत. चित्रें काढलीं गेलीं तीं पूर्वींच्या कितीतरी पट, पण तीं पडद्यावर पाहिलीं गेलीं आणि तेथेंच राहिलीं. कोठारांत चित्रांचे ढीग वाढूं लागले आणि त्यांच्या राखणीचा खर्च कंपनीच्या अंगावर पडूं लागला. म्हणून २००९ सालीं तिनें नियम केला कीं, वर्षाकांठीं ठराविक रकमेची खरेदी न करणाऱ्याचीं चित्रें काढून टाकलीं जातील. व्यापाराच्या दृष्टीनें हा नियम वाजवी असेल. परंतु त्यानें एक गोष्ट उघड केली. पूर्वीं चित्र छापून हातीं दिलें म्हणजे कंपनीचें काम संपे व राखण घराकडे येई. आतां राखणहि कंपनीकडे गेली होती, आणि ती राखण भाड्याची होती.

२०१२ सालीं ही गॅलरी विकली गेली तेव्हां तिच्यापाशीं सुमारें साडेसात कोटी सभासद होते. किंमत आली २ कोटी ३८ लाख डॉलर. घेणारी ‘शटरफ्लाय’ कंपनी. अमेरिका व कॅनडा येथील सभासदांचीं चित्रें तिच्याकडे गेलीं. त्याच वर्षाच्या एप्रिलांत ‘इन्स्टाग्राम’ हा अवघ्या तेरा नोकरांचा धंदा फेसबुकनें शंभर कोटी डॉलरांस घेण्याचें ठरविलें. दोघांजवळहि लोकांचीं चित्रेंच होतीं. मग एकाला कवडीमोल व दुसऱ्याला सोन्याचें मोल कां? कारण पहिला धंदा चित्र ठेवण्याचा होता, दुसरा दाखविण्याचा. दाखविण्यांत जाहिरातीचा पैसा आहे. ठेवण्यांत नुसता खर्च आहे. कोडॅकच्या अपयशाचें सार आम्हांस या एका तुलनेंत दिसतें. २०१३ च्या सप्टेंबरांत कंपनी दिवाळखोरींतून बाहेर आली. घरगुती छपाईचा धंदा तिच्या इंग्लंडांतील निवृत्तिवेतन-निधीकडे जाऊन ‘कोडॅक अलारिस’ या नांवाने निराळा झाला. मूळ कंपनी छापखान्यांचें साहित्य व सिनेमाची फिल्म करीत राहिली. पण कुटुंबाच्या आठवणींचा वाणी ही तिची जुनी ओळख संपली.

या घडामोडीचे पडसाद आपल्या गांवांतहि उमटले. १९९० नंतरच्या काळांत महाराष्ट्रांतील लहानमोठ्या शहरांत रंगीत छपाईचीं दुकानें निघालीं. पिंवळ्या-तांबड्या पाट्यांखालीं तासाभरांत चित्रें मिळूं लागलीं. मग फोनमध्यें कॅमेरा आला, २०१६ नंतर इंटरनेट अतिशय स्वस्त झालें, आणि गृहस्थास दुकानाची पायरी चढण्याचें प्रयोजन उरलें नाहीं. लग्नाचे आल्बम अजून होतात. परंतु वाढदिवस, पंढरीची वारी, गड्ड्याची यात्रा, नातवाचें पहिलें पाऊल हीं सर्व चित्रें फोनमध्यें जमतात. फोन पडला, हरवला, बदलला किंवा खात्याचा परवलीचा शब्द विसरला, म्हणजे तीं कायमचीं नाहींशीं होऊं शकतात.

यावर कोणी म्हणेल, कागद तरी कोठें अमर आहे? आक्षेप खरा आहे. आपल्याकडील दमट हवा, वाळवी, पुराचें पाणी आणि घर बदलतांनाची धांदल यांनीं किती आल्बम खाल्ले याचा हिशेब नाहीं. ८ जानेवारी २००३ रोजीं पुण्यास लागलेल्या आगींत जुन्या चित्रपटांच्या फिल्मचा मोलाचा सांठा जळून गेला; तो तर जाणत्यांच्या देखरेखींत होता. उलट आंकड्यांच्या चित्राची तंतोतंत नक्कल दहा ठिकाणीं ठेवतां येते, हा त्याचा केवढा गुण! तेव्हां जुन्या वस्तूंसाठीं रडत बसावें असें आमचें म्हणणें नाहीं. भेद आहे तो नाशाच्या रीतींत. कागदाचें चित्र दुर्लक्षांतहि कांहीं वर्षें तग धरतें. माळ्यावरच्या पेटींतून पन्नास वर्षांनीं निघालें तरी डोळ्यांना दिसतें. डिजिटल चित्र दुर्लक्ष सोसत नाहीं. त्याला दर कांहीं वर्षांनीं नव्या यंत्रांत, नव्या सांठवणींत हलवावें लागतें. तें जपणारा कोणी असला तर अक्षय, नसला तर क्षणांत नाहींसें, असा त्याचा स्वभाव आहे.

सोलापुराच्या बाबतींत हा प्रश्न विशेष नाजूक आहे. गिरण्यांचे भोंगे आतां वाजत नाहींत. साच्यावर उभें राहून ज्यांनीं आयुष्यें काढलीं, विड्या वळून ज्या बायकांनीं संसार चालविले, मागावर ज्यांनीं चादरी विणल्या, त्यांचें चरित्र लिहिणारा बखरकार कोणी झाला नाहीं. गिरणीमालकांचीं तैलचित्रें होतीं, अधिकाऱ्यांचे अहवाल होते. कामकऱ्याच्या वांट्याला मुख्यतः स्टुडिओंत काढलेलें एखादें चित्रच आलें. तो कसा बसत असे, सणाला काय नेसत असे, घरांत किती मुलें होतीं, हें सांगणारा पुरावा त्याच्याच घरीं आहे. हीं चित्रें गेलीं म्हणजे एका गांवाच्या इतिहासाचा तेवढा भाग गेला. तो भाग कोणतीहि कंपनी परत आणून देणार नाहीं.

मग करावें काय? उपाय साधा आहे आणि तो परवडणाराहि आहे. वर्षाकांठीं घरांतील हजारों चित्रांतून वीसपंचवीस निवडावीं आणि चांगल्या कागदावर छापून घ्यावीं. बारा चित्रांच्या गुंडाळीनें जी निवड सक्तीनें शिकविली होती, ती आतां आपण समजून करावी. प्रत्येकाच्या पाठीमागें कोण, कोठें व केव्हां हें लिहावें. नांव नसलेलें चित्र दोन पिढ्यांत परकें होतें. जुनीं चित्रें उतरवून घेऊन त्यांच्या नकला दोन निरनिराळ्या घरीं ठेवाव्या, आणि वडील माणसें आहेत तोंवर त्यांच्याजवळ बसून चेहरे ओळखून घ्यावे. हिराचंद नेमचंद वाचनालयासारख्या सोलापुरांतील जुन्या संस्थांनीं आणि महाविद्यालयांनीं जर गिरणीकामगारांच्या कुटुंबांकडील चित्रांच्या नकला मागवून त्यांचा संग्रह केला, तर तें काम पुढील इतिहासकारास हजार लेखांहून उपयोगी पडेल.

कोडॅकचा इतिहास हा एका कंपनीच्या चुकांचा पाढा म्हणून वाचणें सोपें आहे. त्यापेक्षां तो एका कराराचा इतिहास म्हणून वाचावा, असें आम्हांस वाटतें. शंभर वर्षें कंपनीनें चित्र करून दिलें आणि घरानें तें राखलें. दोघांचीं कामें वेगळीं होतीं म्हणून दोघांचेंहि भलें झालें. ज्या दिवशीं घरानें राखणहि कंपनीच्या पदरीं घातली, त्या दिवशीं तो करार मोडला. कंपन्यांचें आयुष्य नफ्याइतकेंच असतें, आणि त्यांत गैर कांहीं नाहीं. पण आजीचा चेहरा नातीला दिसावा, ही गोष्ट कोणाच्या नफ्यावर सोंपविण्याजोगी नाहीं. ती राखण पूर्वीं घराची होती आणि यापुढेंहि ती घरालाच करावी लागेल.